खिडकीकडची जागा

“पण सोफ्याचं कातडं ऊबदार करायचं तरी कसं, तेवढं सांगा बुवा,” श्रीनिवास कुंटे म्हणाले. “बाकी मला काही नको. ना मंत्र, ना अंगारा.”

धुंडीबुवा ओल्या तुरीच्या शेंगा सोलत होते. त्यांनी मान वर केली नाही.

“हे तू मला विचारतोस? लोकांचे दिवाणखाने सजवता सजवता तुझे केस पिकले म्हणतात.”

“म्हणून तर विचारतोय.”

मठी टेकडीच्या पोटात कोरलेली होती. दारातून ऊन कधी आत येत नसे. त्यात मार्गशीर्षातली सकाळ. फरशीवर पाय ठेववत नव्हता. बुवांचं आसन म्हणजे हरणाचं एक जुनं कातडं. केस झडून गेलेलं. ते त्यांच्या गुरूंचं. बुवा त्याच्या अगदी कडेला, निम्मे फरशीवर असे बसले होते.

कुंटे आले तेव्हा बुवा “बसा” म्हणाले होते. कुंटे आपसूक त्या आसनाच्या मोकळ्या भागाकडे वळले होते.

“तुला नाही म्हटलं,” बुवा म्हणाले होते. “तू चटईवर बस.”

कुंट्यांनी मागे पाहिलं होतं. दारात कुणी नव्हतं. म्हाताऱ्याला भ्रम होत असावा, असं मनाशी म्हणून ते चटईवर टेकले होते.

“काय काय करून पाहिलंस?” बुवांनी विचारलं.

“सगळं.” कुंट्यांचा आवाज चढला. या विषयात त्यांना शिकवतील अशी माणसं नाशकात फारशी नव्हती. “चामड्याचा सोफा मुळात गारच दिसतो. त्याच्याजवळ लोकर लागते, लाकूड लागतं, खालच्या अंगानं येणारा पिवळा उजेड लागतो. मी दिवे बदलले. जाड गालिचा घातला. पाठीवर धनगरी घोंगडी टाकली. सोफे भिंतीपासून ओढून समोरासमोर आणले, गप्पांना बसल्यासारखे. लोकांच्या घरी एवढ्यावर पाहुणे उठायचं नाव घेत नाहीत.”

“आणि तुझ्या घरी?”

“बसायचं नाव घेत नाहीत.”

बुवा हसले.

“घोंगडी बरी. लोकर दिली तरी मेंढी मागं चरत असते. कातड्याचं तसं नाही.”

कुंटे हसले नाहीत.

“पाहुणे गेले उडत, बुवा. माझी मुलगी बसत नाही. केतकी. आषाढात सुमेधा गेली... माझी बायको. तेव्हापासून केतकी सवड काढून पुण्याहून येते आणि दिवाणखान्याच्या दारातच उभी राहते. आत पाऊल टाकत नाही. गार लागतं म्हणते. परवा जाताना म्हणाली, बाबा, यापुढे तुम्हीच या माझ्याकडे. मी नाही येणार आता.”

त्यांनी चटईची कड सरळ केली.

“एकुलती एक आहे. आणि तो सोफा तिच्या आईनंच पसंत केलेला.”

बुवांनी शेंगा बाजूला ठेवल्या.

“इथं हात लाव.”

कुंट्यांनी बुवांच्या मांडीजवळ आसनाला हात लावला. कातडं दगडासारखं गार होतं.

“आता तिथं.”

त्यांनी मोकळ्या भागावर तळवा टेकला.

तिथं ऊब होती. नुकतंच कुणी उठून गेल्यासारखी...

नव्हे. उठून गेल्यासारखी नव्हे.

कुंट्यांनी हात मागे घेतला. तो कुठं ठेवावा ते त्यांना कळेना.

“तुम्ही बसला असाल इथं. मी यायच्या आधी.”

“गुरू गेल्यापासून मी तिथं बसलो नाही.”

“मग...”

बुवांनी पुन्हा शेंगांची परात पुढ्यात ओढली.

“तुझ्या बायकोची जागा कुठली?”

“खिडकीकडची. तिथं बसून भाजी निवडायची. चामड्यावर! मेथीचे देठ शिवणीत जायचे. मी शेजारी बसून ओरडायचो. ती म्हणायची, सोफा बसायला आणलाय की पुजायला?”

“आता तिथं कोण बसतं?”

एक शेंग उकलल्याचा आवाज झाला. मग दुसरी.

“मी.”

“रोज?”

“तेरावा झाला त्या संध्याकाळपासून. रिकामी बघवत नाही.”

“ऊब लागते?”

“नाही. पाठीशी गार असतं. मला वाटायचं, चामडं आहे... तसंच असायचं.”

“आणि मुलगी दारात.”

“हो. गेल्या खेपेला तिथूनच म्हणाली, बाबा, जरा सरका ना. मला इतकं बरं वाटलं! सरकलो. म्हटलं, ये, बस.”

“बसली?”

“नाही.”

कुंट्यांनी ओठ ओले केले.

“म्हणाली... मला नाही, बाबा.”

बुवांचे हात थांबले नाहीत. कुंट्यांची नजर आसनाच्या मोकळ्या भागावर गेली. तिथून दाराकडे. तिथून पुन्हा आसनाकडे. बाहेर वाऱ्याची झुळूक नव्हती, तरी कातड्याची वर आलेली कड हळूच फरशीला टेकली.

“काय समजायचं ते मी समजलो नाही,” ते म्हणाले. त्या आवाजात आता जाणकाराचा ताठा उरला नव्हता. “केतकी पुण्याला गेली आणि मी परत तिथंच जाऊन बसलो.”

“हं.”

“आज जागा मोकळी करतो. केतकीला फोन करून सांगतो तसं.”

“सांग.”

कुंटे उठले. दारापर्यंत गेले आणि तिथंच चौकटीला हात लावून उभे राहिले, केतकी उभी राहायची तसे.

“पण बुवा... मग मी कुठं बसू?”

धुंडीबुवांनी सोललेले दाणे दोन द्रोणांत घातले. एक स्वतःपुढे ठेवला. दुसरा आसनाच्या मोकळ्या भागापुढे सरकवला, अदबीनं, दोन्ही हातांनी.

“इतकी वर्षं कुठं बसत होतास?”