लागता लागता राहिलं

फार जुन्या काळी एका डोंगरात राजाची दगडखाण होती. वर फोडलेले दगड गाड्यांवर चढवायचे आणि मागून दोर धरून गाडी उतारावरून हळूहळू खाली सोडायची. वळणावर दोर सैल पडे, तेव्हा गाडीचा दांडा धरून चाकाखाली दगडाची उटी लावायची आणि गाडी थांबवायची. हे काम एकट्या धुरपाकडे होतं.

खाणीचा मुकादम मोठा तापट. काही बिघडल्याचं कुणी सांगितलं, की तो सांगणाऱ्यालाच घरी बसवायचा. लोकही गप्प राहायला शिकले. एक दिवस गाडी सुटली आणि धुरपाच्या भावाचा पाय तिच्याखाली चेंगरला. तो जन्माचा अधू झाला. ती गाडी आधीही घसरली होती, हे कितीतरी जणांना ठाऊक होतं. बोललं मात्र कुणीच नव्हतं.

राजाने त्या मुकादमाला काढून हैबतीला पाठवलं. पहिल्याच सकाळी हैबतीने सगळ्यांना जमवलं.

"कुणाला लागलं, तर ते मला दिसेलच," तो म्हणाला. "पण लागता लागता राहिलं, ते मला कसं कळणार? ते तुम्हीच सांगा. सांगणाऱ्याच्या पोटावर पाय येणार नाही."

लोकांनी माना डोलावल्या. विश्वास कुणाचाच बसला नाही.

पुढे एकदा धुरपाच्याच हातून चूक झाली. उटी लावायला जरा उशीर झाला, गाडी घरंगळली आणि झाडाला अडली. कुणाला खरचटलंही नाही. जवळ फक्त तिची मैत्रीण सोनाई होती.

"गप्प राहा गं," सोनाई म्हणाली. "पाहिलंय कुणी?"

धुरपाच्या डोळ्यांपुढे भावाचा पाय आला. दुपारी सगळे भाकरी खायला बसले, तेव्हा ती हैबतीसमोर जाऊन उभी राहिली.

"मुकादम, आज गाडी सुटली. चूक माझी."

सगळ्यांचे घास हातातच राहिले.

"कुणाला लागलं?"

"कुणालाच नाही."

"मग चला बाई, कसं झालं ते दाखवा."

वळणावर हैबती स्वतः उटी लावायला गेला. पण गाडीचा दांडा सोडल्याशिवाय खाली वाकताच येईना. त्याने दांडा सोडला आणि त्याचीही गाडी घरंगळली!

"अहो, हे एकट्याचं कामच नाही," तो कपाळावरचा घाम पुसत म्हणाला. "आम्हीच ते एकट्यावर टाकलं होतं."

त्या दिवसापासून उटीला दोघे जण आले. हैबतीने सगळ्यांदेखत धुरपाला हात जोडले. तिने पदराने डोळे टिपले.

मग लोक बोलू लागले. कुणी सैल झालेला खिळा सांगे, कुणी निसरडी पायवाट. हैबती स्वतः जाऊन बघे, आणि त्याचं पुढे काय केलं तेही येऊन सांगे.

एकदा राजवाड्याच्या पायाचा भला थोरला दगड उतरत होता. राजाचा कारभारी मुहूर्त साधायला घोड्यावर बसून होता. खाली वळणावर धुरपा तिच्या सोबत्याबरोबर उटी घेऊन उभी होती. एवढ्यात वरून सोनाई ओरडली, "थांबा! दोराचा पीळ सुटतोय!"

हैबतीने गाडी जागीच थांबवली आणि दोर खुंटाला बांधून घेतला. "उतारावरचे सगळे बाजूला व्हा! नवा दोर आणा!"

"एका बाईच्या शंकेपायी राजाचं काम अडवता?" कारभारी कडाडला.

"अडवतो," हैबती म्हणाला. "जाब मी देईन."

नवा दोर यायच्या आतच जुना तडकन तुटला. दगड गडगडत खाली गेला आणि वळणावर आदळून त्याच्या ठिकऱ्या उडाल्या. वळण रिकामं होतं. कारभारी घोड्यावरून उतरला.

धुरपा धावत वर गेली आणि तिने सोनाईला घट्ट मिठी मारली. "बोललीस गं बाई!"

त्या संध्याकाळी खाणीतली सगळी माणसं धडधाकट घरी पोचली.

तात्पर्य एवढंच: चूक सांगणाऱ्याला जिथे अभय मिळतं आणि त्याचं ऐकून काम सुधारलं जातं, तिथे मोठे घात टळतात.