काटेरी वांग्याची एकादशी

भाज्यांना अजून वाचा होती, त्या काळची गोष्ट. सरूवहिनींच्या स्वयंपाकघरातल्या एका काटेरी वांग्याला भारी तोरा चढला होता.

"मी इथल्या मातीतलं!" एका सकाळी ते गरजलं. "तुम्ही कुठले रे?"

"पेरू देशाच्या डोंगरांतला," बटाटा म्हणाला.

"मी मेक्सिकोची," मिरची म्हणाली.

"माझा कंद ब्राझीलचा," भिजलेला साबुदाणा पातेल्यातून पुटपुटला. शेंगदाणाही दक्षिण अमेरिकेचाच निघाला.

"म्हणजे सगळे समुद्रापलीकडचे उपरे! आत्ताच्या आत्ता चालते व्हा!"

चौघांचे चेहरे उतरले. तेवढ्यात सरूवहिनी आंघोळ करून आल्या. त्यांनी साबुदाणा निथळला, बटाटा चिरला, मिरची तोडली, शेंगदाण्याचं कूट केलं. हाताला वांगं लागताच मात्र म्हणाल्या, "तू नको बाई, आज एकादशी!" आणि टोपली बाजूला सारली.

खिचडी झाली. चौघे उपरे वाफाळत, मिरवत थेट देवापुढे नैवेद्याला जाऊन बसले.

वांग्याचं तोंड एवढंसं झालं. तेव्हा ताटातून शेंगदाण्याने हाक मारली, "वांगेराव, रुसू नका! उद्या भरली वांगी आहेत. तुमच्या पोटात मीच राहायला येतोय!"