पात्याचा खांडा

“...मग पात्याला धार का लावत नाही, अण्णा?”

दिगंबरने हे विचारलं तेव्हा धर्माअण्णा मेस्त्री देवळाच्या दाराची फळी रंधत होते. त्यांनी हात थांबवला नाही. रंधा पुढे गेला, सागवानाची पातळ साल वेटोळी होऊन खाली पडली, आणि फळीवर सुतासारखी एक उभी रेघ उमटली. पात्याच्या धारेला खांडा पडला होता. तेवढा भाग कापत नव्हता, म्हणून रेघ.

“ज्याने खांडा पाडला, त्याने धार लावायची,” अण्णा म्हणाले. “आपल्याकडची रीत ठाऊक आहे ना तुला?”

“पण सुदाम तर गेला...”

अण्णांनी फळीवरचा भुसा फुंकला आणि पुन्हा रंधा मारला. पुन्हा रेघ.

आता खरं काय ते सांगून टाकतो. खांडा सुदामने पाडलाच नव्हता. तो पाडला होता या दिगंबरने.

अण्णांच्या सुतारशाळेत हे दोघे शिष्य. दिगंबरचा हात चांगला होता, आणि तो किती चांगला आहे हे त्याच्याइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं. शिकणं पुरं होत आलं की शिष्याने स्वतःचा रंधा स्वतः घडवायचा, अशी तिथली पद्धत. दिगंबरने शिसवाचा ठोकळा घेतला. पात्याची खाच कोरली, पाचर अशी बसवली की केसही आत जाऊ नये, तेलपाणी करून रंधा आरशासारखा चमकवला आणि अण्णांपुढे ठेवला.

अण्णा म्हणाले, “चांगला आहे.”

बस्स, एवढंच. दिगंबरच्या ते फार मनाला लागलं. अण्णांचा स्वतःचा रंधा बाभळीचा, घामाने काळा पडलेला, एका बाजूने झिजलेला. त्याला म्हणे मान, आणि आपल्याला नुसतं चांगला?

दुसऱ्याच्या रंध्याला हात लावायचा नाही, हे तिथे कुणी शिकवावं लागत नसे. तरी एका दुपारी अण्णा जेवायला गेलेले पाहून दिगंबरने बाभळीचा रंधा उचलला. दोन्ही रंधे एकाच फळीवर चालवून बघू, कोण सरस ते कळेल. फळी होती देवळाच्या जुन्या वाशातून काढलेली. तिच्या पोटात मोडका खिळा होता. कच्च असा आवाज झाला आणि पात्याच्या धारेला खांडा पडला.

त्याने रंधा होता तसा जागेवर ठेवून दिला.

संध्याकाळी रंध्याला तेल लावायचं काम सुदामचं. त्याने पातं पाहिलं आणि तो बसलाच. अण्णांनी दोघांनाही विचारलं. सुदामने आपल्या तळहाताकडे पाहिलं. मग म्हणाला, तेल मीच लावतो, म्हणजे माझ्याच हातून झालं असणार. भोळा बिचारा, स्वतःवरच संशय घेऊन बसला. दिगंबर त्याच्या शेजारीच उभा होता. एक शब्द बोलला असता तरी पुरे होतं, पण तोंड काही उघडलं नाही.

सकाळी सुदाम आला नाही. अण्णांनी त्याला जा म्हटलं नव्हतं. तो लाजेनेच गेला.

आणि अण्णांनी दुसरा रंधा हातात घेतला नाही. त्या खांडा पडलेल्या पात्यानेच फळ्या रंधायला लागले. पुजारी काम बघायला आले, फळीवरून बोट फिरवलं, बोट अडखळलं. हसत म्हणाले, काय मेस्त्री, वय झालं वाटतं? अण्णा म्हणाले, झालं असेल. कोपऱ्यात पटाशी परजणाऱ्या दिगंबरचे कान तापले. गावात कुजबुज सुरू झाली की अण्णांच्या कामात आता रेघा येतात. बाजारात कुणी अण्णांचं नाव काढलं तरी त्याला तिथून पळून जावंसं वाटे. आपली लाज अण्णा चारचौघांत स्वतःच्या अंगावर घेतायत, हे त्याला कळत होतं, आणि कळूनही तो गप्प होता.

शेवटी त्याने तोड काढली. अण्णांची पाठ वळल्यावर पातं काढून दगडावर घासायला बसला. खांडा तिळाएवढा, पण तो घालवायचा तर सबंध धार तिथपर्यंत झिजवावी लागते. बोटांची टोकं सोलवटली. पातं लखलखीत झालं. त्याने ते परत बसवलं, पाचर ठोकली आणि मोठा सुस्कारा सोडला. संपलं एकदाचं, असं त्याला वाटलं.

नेमका त्याच दुपारी सुदामचा बाप दारात उभा राहिला.

रावजी शेजारच्या गावात नांगर-कुळव घडवून देणारा म्हातारा सुतार. तो मुलाची हत्यारांची पेटी न्यायला आला होता. अण्णांच्या पायाशी वाकला आणि वाकूनच सांगत राहिला, की पोरगा हत्याराला शिवत नाही, माझा हात नासका आहे म्हणतो, दुसऱ्यांच्या शेतावर मातीकामाला जातो. माझ्यामागे घरात हत्यार धरणारं कुणी उरलं नाही, म्हणाला.

“एक मागणं आहे, अण्णा,” तो म्हणाला. “त्या पात्याला मला धार लावू द्या. पोराची चूक बापाने निस्तरली, एवढं तरी त्याला जाऊन सांगतो.”

अण्णांनी रंधा पुढे केला.

रावजीने रंध्याच्या मागच्या अंगाला हलकी ठोक दिली. पाचर सुटली, पातं तळहातावर आलं. त्याने धारेवरून अंगठा फिरवला. मग पातं उजेडात धरलं.

“याला खांडा नाही...”



अण्णांनी दिगंबरकडे पाहिलं. नुसतं पाहिलं. त्या नजरेत राग असता तर बरं झालं असतं.

“मी लावली धार,” दिगंबर म्हणाला. “म्हटलं... अण्णांचं काम खोळंबायला नको.”

रावजी उठला. जवळ आला आणि त्याने दिगंबरचे दोन्ही हात हातात घेतले. सोलवटलेली बोटं पाहून म्हाताऱ्याच्या डोळ्यांत पाणी आलं. माझ्या लेकाचं केलेलं तू निस्तरलंस, म्हणाला, देव तुझं भलं करो. आणि त्याने ते हात आपल्या कपाळाला लावले.

दिगंबरला वाटलं, धरणीने पोटात घ्यावं. कुणी चारचौघांत चपलेने मारलं असतं तरी इतकं लागलं नसतं.

अण्णा शांतपणे उठले. रावजीने खाली ठेवलेलं पातं त्यांनी उचललं. जुन्या वाशातून उपटलेल्या खिळ्यांचा ढीग पडला होता, त्यातला एक खिळा दगडावर ठेवला. आणि ती नवी कोरी धार त्यांनी सगळ्या ताकदीनिशी खिळ्यावर हाणली.

धारेचा टवका उडाला.

“अण्णा, हे काय केलंत?” रावजीने त्यांचं मनगट धरलं.

अण्णांनी पातं त्याच्या डोळ्यांपुढे धरलं.

“रावजी, हा खांडा मी पाडला.”

मग ते वळले आणि त्यांनी पातं दिगंबरच्या हातात दिलं.

“एवढंच वाक्य आहे, दिगू. म्हणून बघ.”