भिवाजीचं पार्सल

आमच्या आंबेवडगावात भिवाजी नावाचा एक भोळा माणूस आहे. किती भोळा? डॉक्टर म्हणाले, "जीभ बाहेर काढा." त्यानं काढली. मग तशीच घेऊन तो घरी आला, कारण आत घ्या असं कुणी म्हणालंच नव्हतं.

त्याच्या मुलीला, कल्याणीला, रविवारी बघायला येणार होते. दोन्ही घरांनी फोटो पाठवले होते आणि मुलगा विश्वजीत तिला मनापासून आवडला होता. हे स्थळ हातचं जाऊ नये म्हणून ती जीव मुठीत धरून बसली होती. तिनं मोबाइलवर एक मोरपंखी साडी हेरली. घरपोच सामान पाठवणाऱ्या त्या कंपनीचं सभासदत्व तालुक्याला राहणाऱ्या वत्सला काकूकडं, म्हणजे भिवाजीच्या वहिनीकडं, होतं. त्यावर भिवाजीच्या घरचेही सामान मागवायचे, आणि ते दोन दिवसांत दारात यायचं.

तेवढ्यात कंपनीतल्या बाईंचा फोन आला. तो भिवाजीनं उचलला.

"काका, नवा नियम आलाय. सभासदाचे लाभ आता एकाच घरातल्या माणसांना मिळतील. वत्सलाबाई तुमच्याच घरात राहतात का?"

"छे! आमच्या घरात राहायचं नाही म्हणूनच तर वहिनी तालुक्याला गेल्या."

लाभ बंद झाला. बायकोनं, इंदूनं, कपाळाला हात लावला.

"अहो, 'आम्ही सगळे एकाच घरात राहतो' म्हणायचं होतं!"

"चुकलं. पुढच्या वेळी तसंच म्हणतो."

दुसऱ्या दिवशी रेशन कार्डं तपासणारे साहेब आले. "घरात कोण कोण असतं?"

"आम्ही सगळे एकाच घरात राहतो. दादा, वहिनी, त्यांची पोरं, सगळे."

साहेबांनी लिहून घेतलं. वत्सला वहिनीचं नाव तालुक्याच्या कार्डावरून उडालं आणि भिवाजीच्या कार्डावर येऊन बसलं. वहिनीनं फोनवर जे सुनावलं, ते मी इथं लिहीत नाही. इंदूनं पुन्हा कपाळाला हात लावला.

"अहो, असं विचारलं तर म्हणायचं, 'त्या वेगळ्या, आम्ही वेगळे. त्यांचा आमचा काही संबंध नाही!'"

"चुकलं. पुढच्या वेळी तसंच म्हणतो."

वहिनी तापट, पण पुतणीवर तिचा फार जीव. तिनं ती मोरपंखी साडी स्वतःच्या नावावर मागवली आणि पत्ता भिवाजीचा दिला. शनिवारी पार्सलवाला दारात उभा.

"वत्सलाबाईंचं पार्सल आहे. इथंच ना?"

"त्या वेगळ्या, आम्ही वेगळे. त्यांचा आमचा काही संबंध नाही."

पार्सलवाला साडी घेऊन आला तसा गेला. कल्याणी ढसाढसा रडली. मला तर ऐकूनच वाईट वाटलं. इंदूनं मात्र नवऱ्याला समोर बसवलं आणि एकेक शब्द सांगितला.

"दारात कुणी काही घेऊन आलं, की 'आमचंच आहे' म्हणायचं. सही करायची. आत घ्यायचं, दार लावायचं. वरचं सगळं काढून नीट तपासायचं. काढलेलं जपून ठेवायचं, परत करताना लागतं. पसंत नाही पडलं, तर सात दिवसांत परत करता येतं."

भिवाजीनं सगळं बोटांवर मोजलं. "आता नाही चुकत."

रविवारी कल्याणी आईची जुनी साडी नेसली. दोघी स्वयंपाकघरात पोह्यांच्या गडबडीत. दारात विश्वजीतचे वडील, सर्जेराव, मुलाला घेऊन आले.

"रामराम! हा आमचा विश्वजीत. घेऊन आलोय."

"आमचंच आहे!" भिवाजी म्हणाला.

सर्जेराव खूश झाले. "वा! अशी मोकळी माणसं हवीत."

"सही कुठं करू?"

सर्जेराव हसले आणि त्यांनी मुलाच्या माहितीचा कागद पुढं केला. भिवाजीनं खाली सही ठोकली, मुलाला आतल्या खोलीत नेलं आणि दार लावलं. मग म्हणाला, "वरचं काढा." मुलाला वाटलं, आहेराच्या कपड्यांचं माप घेत असतील. त्यानं कोट दिला, शर्ट दिला, पँटही दिली.

भिवाजी कपड्यांची घडी काखेत धरून बाहेर आला आणि दाराला कुलूप घातलं.

"मिळाला. तुम्ही निघालात तरी चालेल."

"निघू? आणि विश्वजीत?"

"तपासलाय. खांद्यावर एक तीळ आहे, बाकी ठीक. पोरीला पसंत नाही पडला, तर सात दिवसांत परत पाठवतो."

"अहो काका, माझी पँट!" आतून आवाज आला.

इंदूच्या हातातले पोहे सांडले. सर्जेराव लालबुंद. "हे असलं घर आम्हाला नको!"

कल्याणी बाहेर आली. लाज गुंडाळून ठेवून सर्जेरावांना म्हणाली, "मामा, थांबा ना. मला मुलगा पसंत आहे."

"मलाही मुलगी पसंत आहे!" दारामागून विश्वजीत ओरडला. "आधी पँट द्या!"

सर्जेरावांनी एकदा मुलीकडं, एकदा कुलपाकडं पाहिलं. शेवटी हसूच आलं. "बरं, व्याही, ठरलं. आता सोडा त्याला."

"सोडू? पसंत नाही पडला तर परत करायचा. पसंत पडलेला कोण परत करतं?"

एवढं बोलून भिवाजीनं किल्ली कमरेला खोचली आणि कंपनीला फोन लावला.

"बाई, एकाच घरातल्या माणसांच्या तुमच्या यादीत एक नाव वाढवा. हा मात्र खरंच आमच्या घरात राहतो. पँट माझ्याकडे आहे, जाणार कुठं?"