दुसरीचा अंगठा

"मी ती जमीन मनातून सोडलीय, अक्का. मग कोर्टात कशाला जाऊ?"

विचारणारी भागिरथी बिरादार. विधवा, उदगीरकडची. डोंगरावरच्या मठात तिचं सारखं येणं होतं. पोथी तोंडपाठ होती, आणि ती पाठ आहे हे ती कुणाला विसरू देत नसे.

अक्का मठाच्या प्रमुख. ओसरीवर शेंगा फोडत बसल्या होत्या. त्यांनी हात पुसला आणि तिच्यापुढं पसरला.

"दे."

"काय?"

"जमीन. सोडतेस ना? ठेव इथं."

"माझ्याकडं कुठं आहे? दिरानं नांगरलीय. माझ्याकडून विकत घेतली म्हणतो, खरेदीखत दाखवतो."

"तू विकलीस?"

"नाही. नोंदणी कचेरीत माझ्या नावानं दुसरीच बाई उभी केली. खतावर तिचा अंगठा आहे. मी तर सही करते."

"मग सोडतेस काय?"

"दिराचा वकील नको ते विचारतो, अक्का. नवरा गेल्यावर रात्री घरी कोण यायचं... सगळं गाव मागं बसून ऐकतं. दावा काढून घेते. तुम्ही दीक्षा द्या, मी मोकळी होते."

"देते. गुरुवारी तारीख आहे ना? उभी राहा आणि सांग, अंगठा माझाच आहे. मग ये."

"खोटं बोलू?"

"जमीन तर सोडलीस. एवढं म्हणायला तुझं काय जातंय?"

भागिरथी उठली.

"तुम्हीपण त्यांच्यातल्याच," ती म्हणाली आणि पाया न पडता डोंगर उतरली.

अक्कांनी पुढची शेंग फोडली.

गुरुवारी ती पुन्हा साक्षीला उभी राहिली. दिराच्या वकिलानं हसत विचारलं, "तुम्ही मठात निघालात म्हणे. मग जमीन कशाला हवी?"

"हवी की नको, ते मी ठरवीन. तुम्ही नाही."

"नवरा गेल्यावर रात्री तुमच्या घरी कोण यायचं?"

मागं गाव बसलं होतं. तिनं मान खाली घातली नाही.

"हे दीर यायचे. कोरा स्टँप घेऊन. माझी सही मिळाली नाही, म्हणून तर त्यांना दुसरीचा अंगठा लागला."

वकिलानं कागद गोळा केले आणि तो खाली बसला.

निकाल लागला तो ऐन उन्हाळ्यात. अंगठा भागिरथीचा नव्हता. कोर्टानं खरेदीखत रद्द ठरवलं आणि जमिनीचा ताबा तिला दिला.

दुसऱ्याच दिवशी ती डोंगर चढून आली. या वेळी वाकून पाया पडली.

"दीर अपिलात जाणार आहे. मरेपर्यंत लढीन म्हणतो."

"भ्यालीस?"

"नाही."

"मग?"

"आता ती जमीन खरंच माझी आहे. आता सोडली तर सोडल्यासारखी होईल. मठाला लिहून देते, अक्का. दीक्षा द्या."

अक्कांनी आभाळाकडं पाहिलं.

"मृग तोंडावर आलाय," त्या म्हणाल्या. "आधी पेरून ये."