मेंढ्याला शिकवलेला राजा

एका राज्यात, दूर उत्तरेला, जिथं स्कॉट लोक राहतात आणि धुकं त्यांच्याही आधीपासून राहतं, टोर्किल नावाचा एक म्हातारा भाट होता. "या गादीवर होऊन गेलेले बावन्नच्या बावन्न राजे मला झोपेतसुद्धा पाठ आहेत," असं तो भर दरबारात छाती पुढं काढून सांगे. लोकांनी माना डोलावल्या की हळूच म्हणे, "झोपेत पक्के. जागेपणी एखादा इकडंतिकडं होतो."

लोक हसत. टोर्किलनं तोंड उघडलं की हसायचं, अशी सवयच पडली होती. त्यानं सरदारांच्या घोड्यांच्या शेपट्या एकमेकींना बांधल्या होत्या, धर्मगुरूंच्या टोपीत कोंबडी उबवायला बसवली होती, आणि राजवाड्याची आचारीण ऊनाबाई हिच्या रश्श्याला तर तो गेली तीस वर्षं नावं ठेवत आला होता.

त्या राज्याची रीत अशी, की नुसता मुकुट घालून कुणी राजा होत नसे. टेकडीवर एक काळी शिळा होती. नव्या राजानं तिच्यावर बसायचं. मग भाटानं पुढं येऊन त्याच्यापासून मागं मागं जात, हा याचा, तो त्याचा, अशी थेट पहिल्या राजापर्यंत वंशावळ म्हणायची, प्रत्येकाच्या नावाला त्याच्या कारकिर्दीची एकेक ओळ जोडून. शेवटचं नाव घेतलं की शिळा गरजायची आणि बसलेला माणूस राजा होऊन उठायचा. ही वंशावळ लिहायला बंदी होती. ती भाटाच्या घरात राही, बापाकडून लेकाकडं जाई.

एवढं सोवळं कशासाठी, असं कुणी विचारील. तर त्या गादीचे जुने राजे एकमेकांचे गळे कापण्यात फार हुशार. गळा कापून भागेना, म्हणून ते मेलेल्याचं नावही पुसून टाकू लागले. अखेर एका मांत्रिकानं वैतागून शिळेवर शाप घातला: "या गादीचा एक जरी राजा विसरलात, तर वर बसलेला तिसऱ्या सूर्यास्ताला दगड होईल. विसरलेला राजा पुन्हा आठवलात, तर मात्र माझा शाप कायमचा फिटेल." तेव्हापासून नावं पुसणं थांबलं. गळे कापणं त्यानंतर बऱ्याच वर्षांनी थांबलं.

म्हातारा राजा वारला, तेव्हा त्याची नात मार्सली शिळेवर बसली. टोर्किल पुढं आला. या दिवसाची त्यानं चाळीस वर्षं वाट पाहिली होती, कारण मागच्या खेपेला वंशावळ त्याच्या बापानं म्हटली होती. त्यानं घसा साफ केला आणि सुरुवात केली. काय तो आवाज, काय ते हातवारे. "...एखन, ज्यानं एका गाईपायी तीन हिवाळे लढाई केली, तो दुगलचा, जो आपल्याच दारूच्या पिंपात बुडाला, तो..." असं करत करत तो पहिल्या राजाशी पोचला आणि लवून उभा राहिला.

शिळा गप्प.

मार्सलीनं उठायला पाहिलं. उठता येईना. तिनं खाली पाहिलं, तर पायातले बूट दगडाचे झाले होते, आणि बुटातले पायसुद्धा.

"टोर्किलबाबा," ती म्हणाली, "ही तुमची गंमत असेल, तर आता पुरे."

"या खेपेला नाही हो, राणीसाहेब."

सरदार पोट धरून हसले. टोर्किल जितका रडवेला झाला, तितके ते जास्त हसले. शेवटी एकानं राणीच्या बुटावर आपली अंगठी वाजवून पाहिली, तेव्हा कुठं हसणं थांबलं.

शिळेशेजारच्या झाडावर एक डोमकावळा बसला होता. तो म्हणाला, "एकावन्न झाले."

"तू मोजलेस?"

"मला दुसरं काम काय? मोजायचं काम खरं तर तुझं होतं."

"मोजणं मेंढपाळाचं काम. भाट मोजत नसतो," टोर्किल पुटपुटला. "कोण राहिला ते सांग."

"आकडे माझे, नावं तुझ्या घराची. मेलेल्यांना विचार. पाण्याला विचार. मग चुलीला विचार."

टोर्किलनं राणीकडं पाहिलं. तान्ही असताना तिच्या पाळण्यात त्यानं बेडूक सोडला होता, आणि ती रडण्याऐवजी हसली होती. तेव्हापासून त्याचा तिच्यावर फार जीव.

"जा बाबा," राणी म्हणाली. "मी इथंच आहे."

पश्चिमेच्या समुद्रात एक बेट आहे. तिथं त्या गादीचे सारे राजे ओळीनं पुरलेले आहेत. टोर्किल होडीनं तिथं गेला आणि एकेका थडग्यावर काठीनं टकटक करू लागला. आतून उत्तरं आली. झोपमोड झालेल्या माणसाची येतात, तशीच.

"कोण आहे?"

"एखन."

"महाराज, ती गाय मिळाली का शेवटी?"

"दुसऱ्याच हिवाळ्यात मेली. पुढं जा."

पुढचं थडगं शेवाळानं झाकलं होतं. वरची अक्षरं खाऱ्या पावसानं कधीच धुऊन नेली होती. टोर्किलनं टकटक केली.

"इथं कोण?"

"मी आहे," एक सौम्य आवाज म्हणाला.

"मी म्हणजे कोण, महाराज?"

"लोक ज्याला विसरले, त्यानं आपणहून नाव सांगू नये. बरं दिसत नाही."

"तुमच्या वंशातली पोर दगड होते आहे."

"मग लवकर शोध, बाबा. तिला म्हणावं, पाठ ताठ ठेव. ती शिळा कमरेला वाईट आहे."

त्याच्या पलीकडचा दुगल निघाला. म्हणजे हरवलेला राजा दुगल आणि एखन यांच्यामधला. टोर्किल होडीत बसला. दुगलचा धडा त्याला आठवत होता, एखनचाही आठवत होता. आणि दोन्ही धड्यांच्या मधला दिवसही आता लख्ख आठवला. सूर्य मावळताना तो टेकडीवर पोचला, तेव्हा राणी गुडघ्यापर्यंत दगड झाली होती.

"जागा सापडली, राणीसाहेब. नाव नाही सापडलं."

"राहिलंच कसं?"

"वय झालं माझं," टोर्किल म्हणाला, आणि त्यानं नजर दुसरीकडं वळवली.

दुसऱ्या दिवशी तो तळ्यावर गेला. तळ्यात एक चेटकीण राहते. त्या गादीचा प्रत्येक राजा तिच्यासाठी पाण्यात सोन्याचा प्याला फेकतो. त्यातला एक जरी कुणी बाहेर काढला, तरी त्याच्या बोटांना बदकासारखे पडदे येतात, म्हणून ते सोनं सुरक्षित आहे. चेटकीण वर आली. तिच्या खांद्यावर एक जुनं घोंगडं होतं.

"बावन्न आले," ती म्हणाली. "एकावन्न जणांनी प्याले फेकले. एकानं विचारलं, 'आजी, पाण्यात गार नाही वाटत?' आणि अंगावरचं घोंगडं काढून दिलं."

"त्याचं नाव काय?"

"विचारायचं राहिलं. घोंगड्याची ऊब भारी होती." तिनं ते अंगाशी ओढलं. "वाट मात्र दाखवीन. तू कधी कुणाला न सांगितलेली एक खरी गोष्ट सांग."

टोर्किल म्हणाला, "खरी गोष्ट ही, की तू अजून तरुण दिसतेस." पाणी त्याच्या घोट्यापर्यंत चढलं. "बरं, खरं म्हणजे मी मुळात बदकच आहे." पाणी कमरेला आलं. तिसऱ्यांदा त्यानं तोंड उघडलं, आणि जन्मात पहिल्यांदा त्याला गंमत सुचली नाही.

"मी अठरा वर्षांचा होतो," तो म्हणाला. "बाप रोज एक राजा शिकवायचा. त्याची दृष्टी गेली होती. दुगलच्या पुढचा राजा ज्या दिवशी यायचा, त्या दिवशी नदीला मासे चढले. मी आमच्या मेंढ्याला माझी टोपी घातली, त्याला माझ्या जागी बांधलं आणि मासे धरायला गेलो. बापानं संध्याकाळपर्यंत तो राजा मेंढ्याला शिकवला. पुढं विचारीन म्हटलं. पण विचारलं असतं तर सारं उघडं पडलं असतं. आज विचारू, उद्या विचारू, असं करता करता बाप गेला."

चेटकीण इतकी हसली, की तळ्याच्या लाटा काठावरच्या मेंढ्यांना भिजवून गेल्या.

"मग नाव हरवलंय कुठं?" ती म्हणाली. "सांगणाऱ्यानं सांगितलं, ऐकणाऱ्यानं ऐकलं. मेंढा कुठं आहे?"

"त्याच हिवाळ्यात खाल्ला."

"आणि शिंगं?"

"एक जळालं. दुसऱ्यात..." टोर्किलचा चेहरा पडला. "दुसऱ्यात ऊनाबाई मीठ ठेवते."

"मग जा तिच्याकडं. शिंगात गेलेला शब्द शिंगातच राहतो. कान लावणारा लागतो."

त्या संध्याकाळी राणीचा दगड कमरेपर्यंत आला होता. टोर्किल तिच्यापुढं बसला आणि त्यानं तिला सारं सांगितलं. टोपी सांगितली, मासे सांगितले, कालचं खोटंही सांगितलं.

"मेंढा लक्ष देत होता का?" तिनं विचारलं.

"तेवढीच आशेला जागा आहे, राणीसाहेब."

तिसऱ्या दिवशी सकाळी त्यानं पाकशाळेचं दार ठोठावलं. ऊनाबाईनं वरची फळी उघडली. चुलीशेजारी, खिळ्याला, ते शिंग टांगलेलं दिसत होतं.

"शिंग पाहिजे," टोर्किल म्हणाला. "राणीचा जीव त्यात आहे."

"मागं तू म्हणाला होतास, माझ्या मोठ्या झाऱ्यात राजाचा आत्मा आहे. मी आठवडाभर त्या झाऱ्याला नमस्कार करत होते."

"ती गंमत होती. हे खरं आहे."

"तेव्हाही हेच म्हणाला होतास." ऊनाबाईनं कमरेवर हात ठेवले. "तीस वर्षं माझ्या रश्श्याला नावं ठेवलीस. आज तीनदा चाखायचा, आणि तीनदा चांगला म्हणायचा. न हसता. मग शिंग ने."

"दे पळी."

"शिजायचा आहे अजून. जव शिजायला वेळ लागतो. तोवर कांदे चीर."

टोर्किलनं कांदे चिरले. टेकडीवर राणीची छाती दगड झाली आणि तो कांदे चिरत होता. ऊन कललं, तेव्हा ऊनाबाईनं पळी पुढं केली. त्यानं चाखलं. "चांगला आहे." तो हसला नाही. पुन्हा चाखलं. "चांगला आहे." तिसऱ्यांदा चाखलं आणि थांबला. तीस वर्षांत त्यानं हा रस्सा नावं ठेवण्याच्या घाईत कधी नीट चाखलाच नव्हता.

"ऊनाबाई," तो म्हणाला, "हा खरंच चांगला आहे गं."

ऊनाबाईनं शिंग काढलं, मीठ परातीत ओतलं आणि शिंग त्याच्या हातात दिलं. टोर्किलनं ते कानाला लावलं. आतून त्याच्या बापाचा आवाज आला. संथ, किंचित घोगरा, चाळीस वर्षांपूर्वी होता तसाच. आवाजानं त्या राजाचं नाव सांगितलं, त्याची ओळ सांगितली, पुन्हा सांगितली, पुन्हा सांगितली. आणि शेवटी म्हणाला, "आज किती शहाण्यासारखा बसलास रे. एकदासुद्धा मधे बोलला नाहीस. असाच राहा, माझ्या सोन्या."

टोर्किलनं डोळे पुसले. डोळ्यांत मीठ गेलं होतं, असं त्यानं ऊनाबाईला सांगितलं. तिनंही ते मान्य केलं.

मग म्हातारा धावला. टेकडी चढताना दोनदा पडला. सूर्य समुद्राला टेकला होता आणि राणीच्या हनुवटीखालचं सारं काळं आणि गार झालं होतं. टोर्किलनं घसा साफ केला नाही, हातवारे केले नाहीत. एकेक नाव घेत तो मागं निघाला आणि एखनपाशी आला.

"...एखन, ज्यानं एका गाईपायी तीन हिवाळे लढाई केली, तो कोनलचा, ज्याच्या तीस वर्षांत कुणी दाराला कडी घातली नाही, आणि म्हणून ज्याच्याबद्दल सांगण्यासारखं काही घडलं नाही, तो दुगलचा..."

पहिल्या राजाचं नाव घेतलं, तेव्हा सूर्याची कड तेवढी उरली होती. शिळा गरजली. असली गरजली, की बेटावरचे राजे कुशीवर वळले आणि तळ्यातले प्याले खणखणले. राणीच्या गळ्यावरून रंग खाली उतरत गेला, हात मऊ झाले, गुडघे वाकले, बूट चामड्याचे झाले. शाप फिटला, तो कायमचा. मार्सली उठून उभी राहिली आणि पहिली गोष्ट तिनं ही केली, की दोन्ही हातांनी कंबर दाबली.

"पाठ ताठ ठेवायला कोनल महाराजांनी सांगितलं होतं," टोर्किल म्हणाला. "निरोप द्यायचा राहिला."

त्या संध्याकाळी साऱ्या राज्यानं ऊनाबाईचा रस्सा खाल्ला. सरदार, धर्मगुरू, मेंढपाळ, सगळे एका पंगतीला. सगळ्यांना पुरावा म्हणून वाढवताना तो अळणी झाला होता, कारण मीठ परातीतच राहिलं होतं, पण कुणी नाव ठेवलं नाही. कोनलच्या थडग्यावर नवी अक्षरं कोरायला माणूस गेला. चेटकिणीला नवं घोंगडं गेलं. घरी परतताना, अनेक वर्षांत पहिल्यांदाच, लोकांनी दारं नुसती लोटून घेतली.

टोर्किल तीन वाट्या रस्सा पिऊन पुन्हा पहिल्यासारखा झाला होता. तो राणीजवळ सरकला आणि छाती पुढं काढून म्हणाला, "आता बावन्नच्या बावन्न पाठ आहेत, राणीसाहेब. जागेपणीसुद्धा. घोर एकच आहे. मला मूलबाळ नाही, आणि हल्लीच्या पोरांना मासे धरण्यातून सवड नाही. माझ्यामागं ही वंशावळ शिकायला बसणार कोण?"

राणीनं वाटी खाली ठेवली.

"त्याचा घोर करू नका, बाबा," ती म्हणाली. "कळपातला एक चांगला मेंढा मी निवडून ठेवलाय. टोपी तेवढी तुमची आणा."