पुसलेले नाव

एका राज्यात एक राजकन्या होती, आणि ती आहे हे कुणाच्या ध्यानातच राहत नसे. दासी वेणी घालता घालता मध्येच उठून जाई. पंगतीत तिचे पान मांडायचे राहून जाई. खुद्द राजा कीर्तिध्वज तिला समोर पाहून विचारी, "बाळ, तू कुणाची?"

"तुमची," ती सांगे. राजा खजील होई, आणि तिने पाठ फिरवली की पुन्हा विसरे.

कारण तिला नाव नव्हते. सकाळी ठेवलेले नाव सूर्य मावळायच्या आत गळून जाई.

एक म्हातारा राघू तेवढा तिच्याशी बोले. पाखरे माणसाला आवाजावरून ओळखतात, नावावरून नव्हे. ती मोठी झाली तेव्हा तो म्हणाला, "तुझ्या आधीची चार भावंडे पाळण्यातच गेली. मग तू आलीस. राणीने बारशाला तुझ्या कानात नाव सांगितले, ते ऐकून राजाने मान खाली घातली. पुढे राणी वारली. राजाने मांत्रिकाकडून ते नाव पुसून घेतले. पुसल्या जागी दुसरे काही टिकले नाही."

राजकन्या निघाली. तिला निरोप द्यायला कोणी आले नाही.

मांत्रिक मिठाच्या डोंगरावर राहत असे. तो म्हणाला, "नाव पुसता येत नाही; ते तुझ्या कानातच आहे. मी त्यावर मोहर लावली आहे. अर्थ कळेल तेव्हा ती फुटेल. तीन देशांत जा. माणसे लेकरांना नावे कशी ठेवतात ते विचार."

पहिला देश वाळूचा. तिथे एका उंटवाल्याच्या मुलीच्या नावाचा अर्थ होता, 'वादळ थांबले'.

"असे का?" राजकन्येने विचारले.

"ती जन्मली तेव्हा थांबले, म्हणून."

राजकन्येने कान दिला. आत काही वाजले नाही.

दुसरा देश बेटांचा. तिथे एक नावाडी आपल्या चिमुकल्या मुलाला म्हणत होता, "बाबा, जेवायला चला." त्याचे वडील समुद्रात बुडाले होते आणि त्यांचे नाव मुलाला दिले होते. "नाव परत आले की माणूस परत येतो," नावाडी म्हणाला. त्याने राजकन्येलाही जेवू घातले. तिला वाटले, इथेच राहावे. पण ती हात धुवायला गेली तेवढ्यात ती माणसे होडीत बसून निघून गेली. तिने किनाऱ्यावरून हाका मारल्या. त्यांनी वळून पाहिले, आणि कोण हाका मारते आहे ते त्यांना कळेना.

तिसरा देश बर्फाचा. तिथे एका झोपडीत एक बाई गुटगुटीत बाळाला खेळवत होती, आणि त्याला 'राख' म्हणत होती.

"इतक्या गोड बाळाचे असे नाव?"

बाईने उठून दार लावले. मग ती हळूच म्हणाली, "याच्या आधीची दोन गेली. मृत्यू दाराशी येऊन नाव ऐकतो. राखेला कोण उचलून नेईल? हे मोठ्याने बोलायचे नसते, नाहीतर त्याला कळते."

राजकन्या भिंतीला टेकून खाली बसली. तिच्या कानातली मोहर फुटली, आणि अगदी जवळून आईचा आवाज कुजबुजला, "केरा."

केरात टाकून उचललेली. मृत्यूपासून लपवलेली.

"तुझे नाव काय गं?" बाईने विचारले.

"केरा."

बाई हसली नाही. तिने विचारले, "तुझ्या आईची किती गेली होती?"

"चार," केरा म्हणाली, आणि जन्मात पहिल्यांदा कुणाच्या तरी मांडीवर डोके ठेवून रडली.

ती परतली तेव्हा राजा दरबारात एकटाच बसला होता.

"बाळ, तू कुणाची?"

"मी केरा. तुमची आणि राणीची."

राजाचा चेहरा पांढरा पडला. "मला वाटले, तिला तू नको होतीस. म्हणून तिने तुला असे नाव ठेवले. ते तुझ्या वाट्याला राहू नये असे मला वाटले."

"मी जगावे म्हणून ठेवले, महाराज. तुम्हाला सांगितले असते तर मृत्यूने ऐकले असते."

राजा सिंहासनावरून उतरला. तिच्यापाशी येऊन म्हणाला, "केरा."

ज्याने नाव पुसवले होते त्यानेच हाक मारली, आणि सगळ्यांचा विसर फिटला. दासी धावत आल्या, प्रधान आले, प्रत्येकाला ती आठवली. पाळण्यातली, रांगणारी, खांबाआड उभी राहणारी. पुढे ती गादीवर बसली आणि राज्य सुखाने नांदले. पण त्या दिवशी ती पायरीवर बसून राहिली, आणि राजा पुन्हा पुन्हा हाक मारत होता. ती लगेच ओ देत नव्हती. तिला अजून थोडे ऐकायचे होते.